हंटर, उडता मारुती आणि चेंबूरचा कारखाना

वर्गात कडक बाई शिरल्या की मागच्या बाकावरून हळूच आवाज यायचा, ‘आली रे हंटरवाली!’ घाटकोपरच्या आमच्या शाळेत गणिताच्या बाईंना हेच नाव होतं आणि ते त्यांनाही ठाऊक होतं. हा शब्द एका चित्रपटातून आपल्या बोलण्यात आला, हे मात्र आम्हा पोरांपैकी कुणालाच माहीत नव्हतं. ‘हंटरवाली’ आला 1935 साली. दिग्दर्शक होमी वाडिया. घाटकोपरहून रिक्षात बसलं तर पटकन पोचता येतं त्या चेंबूरला, पुढे याच होमी वाडियांनी स्वतःचा स्टुडिओ बांधला आणि तो 1981 पर्यंत चालला.

चेंबूर म्हटलं की लोकांना राज कपूरचा आर. के. स्टुडिओ आठवतो. तिथली होळी, तिथला गणपती, 2017 ची आग, मग झालेली विक्री, सगळं आठवतं. होमींचा बसंत स्टुडिओ आठवणारे आता थोडेच. पण चित्रपटाचा धंदा मुळात चालतो कसा, हे समजून घ्यायचं तर माझ्या मते राज कपूरपेक्षा होमी वाडिया जास्त उपयोगी पडतात. राज कपूर शिकवून होत नाही. होमींनी केलं ते कारखानदाराचं काम होतं, आणि कारखाना कसा चालतो हे टप्प्याटप्प्याने सांगता येतं.

सुरुवातीला एक गोष्ट स्पष्ट करून घेऊ. होमींनी आयुष्यभर ठरावीक धाटणीचे चित्रपट काढले: मारामारीचे स्टंटपट, देवादिकांचे पौराणिक पट, दिवा घासला की राक्षस निघणारे जादूचे पट. अशा चित्रपटात काय मिळणार, हे तिकीट काढतानाच आपल्याला माहीत असतं. नेहमीच्या भेळवाल्याकडे आपण नवी चव शोधायला जात नाही, पण चटणी कालची असली तर पहिल्याच घासाला कळतं. धाटणीच्या चित्रपटाच्या निर्मात्याची सगळी कसरत या दोन वाक्यांच्या मधली आहे.

पहिला टप्पा उमेदवारीचा. होमींचा जन्म 1911 चा. थोरले बंधू जमशेद, म्हणजे जे. बी. एच. वाडिया, दहा वर्षांनी मोठे, एम. ए., एल. एल. बी. घराणं मुंबईच्या गोदीत जहाजं बांधणाऱ्या वाडियांचं, म्हणून पुढे कंपनीच्या बोधचिन्हातही जहाज आलं. जमशेदना लिहिण्यावाचण्याची गोडी, होमींना यंत्रांची. होमी कॅमेरा शिकले. दोघांनी मूकपटांवर हात बसवला आणि 1933 मध्ये परळच्या लवजी कॅसल या घराण्याच्या वास्तूत ‘वाडिया मुव्हीटोन’ सुरू केलं. पहिला बोलपट ‘लाल-ए-यमन’.

कॅमेरा शिकण्याला इथे महत्त्व का? कारण तेव्हा पैसा फुटांत जळायचा. बोलपटाची फिल्म मिनिटाला नव्वद फूट पळते. एका दृश्याचे पाच टेक घेतले तर पाचपट फिल्म गेली, आणि ती सगळी परदेशातून येणारी. ज्या निर्मात्याने स्वतः कॅमेरा चालवलाय, त्याला सेटवर कुणी ‘अजून एक घेऊ या’ म्हणालं तर त्याची किंमत तिथल्या तिथे कळते. नुसता पैसा घालणाऱ्याला ती महिनाअखेरीस कळते.

दुसरा टप्पा, हुकमी पत्ता शोधण्याचा. मेरी अ‍ॅन इव्हान्स ही मुलगी 1908 साली ऑस्ट्रेलियातल्या पर्थमध्ये जन्मली. वडील ब्रिटिश सैन्यात, त्यांच्याबरोबर ती लहानपणीच मुंबईला आली. पहिल्या महायुद्धात वडील गेले. वायव्य सरहद्दीकडे राहत असताना ती घोड्यावर बसायला शिकली, नंतर नृत्य शिकली, सर्कशीत काम केलं, दुकानात विक्रेती म्हणूनही उभी राहिली. नादिया हे नाव तिने घेतलं ते चित्रपटात येण्याआधीच. गोरा रंग, सोनेरी केस, हिंदी कच्चं. त्या काळच्या हिशेबाने तिच्यात नायिकेचं काहीच नव्हतं.

वाडियांनी काय केलं, ते नीट पाहण्यासारखं आहे. त्यांनी तिला थेट नायिका केलं नाही. आधी दोन चित्रपटांत छोटी कामं दिली आणि प्रेक्षक कसा वागतो ते पाहिलं. प्रेक्षक वळून पाहतोय असं दिसल्यावर तिच्यासाठी गोष्ट बेतली. बापाला प्रधानाने कैद केलंय, तेव्हा राजकन्या तोंडावर बुरखा, हातात हंटर आणि पायांत बूट घालून घोड्यावरून न्याय करायला निघते. तिला जे येत नव्हतं, म्हणजे लांबलचक संवाद, ते कमी केलं. जे येत होतं, म्हणजे घोडदौड, उड्या, धट्ट्याकट्ट्या माणसाला खांद्यावर उचलून फेकणं, ते भरपूर ठेवलं.

इथे नवे निर्माते हमखास चुकतात. त्यांच्याकडे गोष्ट तयार असते आणि ते त्या मापाचा माणूस शोधत फिरतात. धाटणीच्या चित्रपटात उलटं करावं लागतं: माणसाचं माप घ्यायचं आणि गोष्ट शिवायची.

तिसरा टप्पा सगळ्यात अवघड, चित्रपट लोकांपर्यंत नेण्याचा. ‘हंटरवाली’ तयार झाला आणि विकत घ्यायला वितरक पुढे येईना. वितरक म्हणजे निर्माता आणि थिएटरवाला यांच्यामधला घाऊक व्यापारी. गोरी बाई चाबकाने पुरुषांना झोडपते, हे कोण बघणार, असा त्यांचा हिशेब. शेवटी वाडिया बंधू आणि त्यांचे भागीदार मंचेरशा बिलिमोरिया यांनी स्वतःच पैसे घालून ग्रँट रोडच्या ‘सुपर’ थिएटरात तो लावला. पंचवीस आठवडे चालला. बाजारात हंटरवालीच्या नावाने चाबूक आणि पट्टे विकले जाऊ लागले. वाडियांची परवानगी कुणी घेतली नव्हती आणि त्यांना त्यातून दमडीही मिळाली नाही. तरी त्याहून चांगली जाहिरात कोणती?

चौथ्या टप्प्याला मी ‘चटणी तीच, भेळ ताजी’ म्हणतो. नादिया निडर आहे, दुष्टांना बडवते, शेवटी न्याय होतो. एवढं कायम. बाकी सगळं दर चित्रपटात बदलायचं. 1936 मध्ये ‘मिस फ्रंटियर मेल’, तिथे मारामारी धावत्या गाडीच्या टपावर. 1939 मध्ये ‘पंजाब मेल’. 1940 मध्ये ‘डायमंड क्वीन’. नायिकेच्या जोडीला हुशार घोडा, त्याचं नाव ‘पंजाब का बेटा’. मोटारगाडी आली तर तिचंही बारसं झालं, ‘रोल्स रॉइस की बेटी’. जॉन कावस, बोमन श्रॉफ ही मंडळी ठरलेली. दरवेळी नवा संच जमवायचा खर्च नाही, आणि कोण किती उंचीवरून उडी मारू शकतो हे सगळ्यांना पाठ.

नावं कशी निवडली, तेही पाहा. फ्रंटियर मेल ही मुंबईहून पेशावरकडे जाणारी खरी गाडी, तेव्हाच्या वेगाचं आणि रुबाबाचं प्रतीक. तीच पुढे गोल्डन टेम्पल मेल झाली, बोरिवलीकर आजही तिच्यात चढतात. पंजाब मेल आजही घाटकोपर, मुलुंडच्या फलाटांसमोरून धाडधाड निघून जाते. लोकांच्या तोंडात आधीच असलेलं नाव उचललं की जाहिरातीचं निम्मं काम झालेलं असतं.

पाचवा टप्पा, घसरण्याचा. यश मिळालेल्या प्रत्येक कारखान्यात एक दिवस असा येतो की घरातल्याच कुणाला आपल्या मालाची लाज वाटू लागते. जमशेद विचारी गृहस्थ, राजकारणात आणि कलेत रस घेणारे. त्यांची ओढ गंभीर चित्रपटांकडे होती. 1941 मध्ये वाडिया मुव्हीटोनने ‘राजनर्तकी’ काढला, मधू बोस दिग्दर्शक, साधना बोस आणि पृथ्वीराज कपूर प्रमुख भूमिकांत. हिंदी, बंगाली आणि इंग्रजी, तीन भाषांत. इंग्रजी आवृत्तीचं नाव ‘द कोर्ट डान्सर’. मोठं धाडस, यात वाद नाही. पण होमींचं म्हणणं सरळ होतं, की स्टंटपटांनी आपलं पोट भरलंय, ते का सोडायचे? 1942 मध्ये भावांच्या वाटा वेगळ्या झाल्या. परळच्या त्याच जागेत व्ही. शांताराम यांनी ‘राजकमल कलामंदिर’ उभं केलं. परळला ‘राजकमल’ पाहताना आपल्याला शांतारामबापू आठवतात, पण तिथल्या फरशीवर त्यांच्या आधी नादियाचे बूट वाजले होते.

या भांडणात बरोबर कोण? मी होमींच्या बाजूचा. गंभीर चित्रपट काढू नये असं माझं म्हणणं नाही. पण ठरलेल्या प्रेक्षकाला गृहीत धरून त्याच्याच पैशावर दुसऱ्या प्रेक्षकाची आराधना केली की दोन्हीकडून जातं.

सहावा टप्पा, पुन्हा पहिल्यापासून. होमींनी ‘बसंत पिक्चर्स’ काढलं. वेळ वाईट होती. दुसरं महायुद्ध चालू, कच्च्या फिल्मची टंचाई. सरकारने चित्रपटाच्या लांबीवर अकरा हजार फुटांची मर्यादा घातली, पाठोपाठ फिल्मसाठी परवाना लागू लागला. मघाचा नव्वद फुटांचा हिशेब लावा: अकरा हजार फूट म्हणजे दोन तास आणि वर दोन मिनिटं. ज्यांना अडीच-तीन तासांच्या गोष्टींची सवय होती ते हबकले. काटकसरीतच वाढलेल्या स्टंटपटवाल्याला तो हिशेब नवा नव्हता. 1943 मध्ये ‘मौज’ आला आणि त्याच वर्षी होमींनी जुनं खणखणीत नाणं बाहेर काढलं, ‘हंटरवाली की बेटी’. आठ वर्षांपूर्वीच्या नावाला नुसती बेटी जोडली. तो चालला.

सातवा टप्पा, स्वतःची जागा. 1947 मध्ये बसंत स्टुडिओ सुरू झाला. चेंबूरच का? जमीन मोकळी, शहराच्या मानाने स्वस्त, ट्रामचा खडखडाट नाही. बोलपटाला शांतता लागते आणि तलवारबाजीला अंगण. पुढच्याच वर्षी राज कपूरांनीही आर. के. चेंबूरलाच काढला.

भाड्याच्या स्टुडिओत दिवसाचं मीटर पळत असतं. काम संपलं की सेट मोडायचा. स्वतःच्या स्टुडिओत तोच दरबार उभा राहू शकतो: आज बगदादच्या खलिफाचा, खांबांना रंग मारला की महिन्याने इंद्राचा. गुहा एकदा बांधली की तिच्यात डाकू राहतात, मग चाळीस चोर, मग पाताळातले राक्षस. मात्र इथेही खड्डा आहे. स्टुडिओ रिकामा ठेवता येत नाही. सुतार, रंगारी, विजेची माणसं यांचे पगार थांबत नाहीत. म्हणून चित्रपटामागून चित्रपट काढत राहावं लागतं, आणि घाईत काढलेला चित्रपट प्रेक्षकाला ओळखू येतो. असा स्टुडिओ चौतीस वर्षं चालवला, हे होमींचं खरं कसब.

आठव्या टप्प्यावर थोडं जास्त थांबू, कारण आपल्याला खरी उत्सुकता याचीच असते: मारुती उडायचा कसा?

होमींनी 1948 मध्ये ‘श्री रामभक्त हनुमान’ काढला. संगीतकार एस. एन. त्रिपाठी यांनी संगीतही दिलं आणि हनुमानही केला. मग ‘श्री गणेश महिमा’ (1950), ‘हनुमान पाताल विजय’ (1951), दोन्हीत मीनाकुमारी, तेव्हा अजून मोठी तारका न झालेली. स्टंटपटाकडून पुराणाकडे येणं ऐकायला मोठी उडी वाटते. प्रत्यक्षात सामान तेच होतं. हंटरवालीच्या जागी मारुती आला, आणि तोही उड्याच मारतो.

उडवण्याची पहिली रीत तारेची. नटाच्या पोशाखाखाली कातडी पट्टा, त्याला बारीक तार, वर कप्पी, कप्पीच्या दुसऱ्या टोकाला ओढणारी माणसं. तार काळी हवी आणि चमक नसलेली. प्रकाश समोरून टाकायचा. मागून टाकला तर तार चांदीसारखी लकाकते. मागचा पडदा एकसारखा पांढरा ठेवला तर तार रेघेसारखी उठून दिसते, म्हणून ढग रंगवायचे, डोंगर रंगवायचे, म्हणजे नजर भरकटते. मुंबईतले या कामातले गुरू बाबूभाई मिस्त्री. विजय भट्टांच्या ‘ख्वाब की दुनिया’त (1937) त्यांनी काळ्या धाग्यांनी वस्तू हवेत नाचवल्या आणि त्यांचं नावच ‘काळा धागा’ पडलं.

दुसरी रीत डबल एक्स्पोजरची, म्हणजे एकाच फिल्मवर दोनदा चित्रण करण्याची. काळं कापड फिल्मवर उमटत नाही, सगळी करामत या एका गोष्टीवर. आधी काळ्या मखमलीपुढे नटाला फळीवर आडवा झोपवून उडण्याची हालचाल करायला लावायची. मग लेन्स झाकून फिल्म उलटी गुंडाळायची. आणि त्याच फिल्मवर आता समुद्र टिपायचा. धुऊन पाहिलं की मारुती समुद्रावर.

फसतं कुठे? जागोजागी. मागचं दृश्य उजळ असेल तर ते नटाच्या अंगावरही उमटतं आणि मारुतीच्या पोटातून लाटा दिसतात. ते टाळायला लेन्सपुढे काळ्या पुठ्ठ्याचा मुखवटा लावून पडद्याचा तेवढा भाग झाकायचा. पण मुखवटा केसभर हलला की मधे थरथरती रेघ येते. कॅमेरा जमिनीला ठोकून पक्का करावा लागतो. फूट मोजण्यात चूक झाली तर मारुती समुद्राच्या आधीच उडून जातो. गुंडाळताना लेन्स झाकायला कुणी विसरला तर सगळंच गेलं. आणि हे सेटवर कळत नाही. फिल्म धुऊन आली की कळतं, तोवर पुढचं काम सुरू झालेलं असतं. एक दृश्य फसलं की फिल्म आणि दोन्ही दृश्यांची मेहनत एकदम पाण्यात. म्हणून अशा कामात हुशार माणसापेक्षा जपून वागणारा माणूस मोलाचा.

ज्या कारखान्यात अशी माणसं वर्षानुवर्षं टिकतात, तिथे जादू स्वस्तात होते. ‘अलादीन और जादुई चिराग’ (1952), ‘अलीबाबा और 40 चोर’ (1954), ‘हातिमताई’ (1956) हे बसंतचे चित्रपट पाहताना ते जाणवतं. या वाटेवरचा कळस 1961 चा ‘संपूर्ण रामायण’. निर्माते होमी, दिग्दर्शनाची सूत्रं बाबूभाईंच्या हाती, राम महिपाल, सीता अनिता गुहा. संगीत आपल्या वसंत देसाईंचं आणि मंथरा ललिता पवार. पुढे दूरदर्शनच्या ‘रामायण’मध्येही मंथरा त्यांनीच केली, हे आपल्यापैकी बहुतेकांच्या डोळ्यांसमोर असेल. होमींनी कारागिराला दिग्दर्शकाच्या खुर्चीत बसवलं, याला मी मोठं म्हणतो. पुष्कळ निर्माते कारागिराला आयुष्यभर कारागीरच ठेवतात.

नववा टप्पा विक्रीचा, तो लवकर आटपतो. देशाचे व्यापारी विभाग पाडलेले असत, त्यांना टेरिटरी म्हणतात. प्रत्येक विभागाचा वितरक वेगळा. काही जण आधीच ठरावीक रक्कम देत, तिला मिनिमम गॅरंटी म्हणायचे: चित्रपट पडला तरी तेवढे पैसे निर्मात्याचे. बड्या नटाच्या चित्रपटाची मोठी कमाई पहिल्या काही आठवड्यांत होई. पौराणिक आणि जादूचे पट सावकाश आणि पुन्हा पुन्हा पैसे देत. शहरातून उतरले की तालुक्याला, तिथून जत्रेतल्या तंबूत. रामनवमीला, हनुमान जयंतीला जुनीच प्रिंट पुन्हा लागे. मुलं मोठी होतात, त्यांच्या जागी नवी मुलं येतात.

एकाच धाटणीचे चित्रपट काढत राहण्याचा हा प्रकार आपल्याकडचाच असं समजू नका. होमींचा ‘जिंबो’ 1958 चा, आपला देशी टारझन. त्याच वर्षी इटलीत ‘हर्क्युलस’ आला, पिळदार अंगाचा स्टीव्ह रीव्ह्ज नायक, आणि रोमच्या निर्मात्यांनी त्यामागोमाग तशाच बाहुबलींची रांग लावली. मग 1964 मध्ये सर्जियो लिओनेच्या ‘अ फिस्टफुल ऑफ डॉलर्स’ने वारं फिरवलं आणि सगळे घोड्यांकडे, पिस्तुलांकडे वळले. इटालियन लोक अशा लाटेला ‘फिलोने’ म्हणतात. त्याचा एक अर्थ खाणीतला धातूचा पट्टा: लागला की संपेपर्यंत खणायचा, संपला की पुढची खाण. होमींनी मात्र एक खाण संपायच्या आत दुसरी उघडून ठेवली. स्टंट चालू असताना पुराण, पुराण चालू असताना अरबी गोष्टी, त्या चालू असताना जंगल.

शेवटचा टप्पा मावळण्याचा. रंगीत फिल्म महाग झाली, मोठ्या नटांच्या चित्रपटांतच मारामारी आणि जादू दोन्ही आली, मग वेगळा स्टंटपट पाहायला कोण जाणार? होमी आणि नादिया यांचं प्रेम जुनं, पण घरातून विरोध होता. दोघांनी लग्न केलं 1961 मध्ये, तेव्हा नादिया पन्नाशी ओलांडलेली. ‘खिलाडी’त (1968) साठ वर्षांची नादिया पुन्हा पडद्यावर आली. स्टुडिओ 1981 मध्ये बंद झाला. नादिया 1996 च्या जानेवारीत गेली, होमी 2004 मध्ये.

जमशेद यांचे नातू रियाद वाडिया यांनी 1993 मध्ये नादियावर माहितीपट केला, म्हणून निदान आज तिच्या उड्या आपल्याला पाहायला मिळतात. जुन्या फिल्मचा मोठा भाग मात्र गेला. त्या काळची फिल्म झटकन पेट घेणारी, दमट हवेत चिकटणारी, आणि तिच्यातल्या चांदीसाठी भंगारातही विकली जायची.

फिल्म गेली तरी कागद उरतो. या चित्रपटांच्या गाण्यांच्या चोपड्या थिएटरबाहेर विकत मिळत: पातळ कागद, मुखपृष्ठावर चित्र, आत गोष्टीचा सारांश आणि नामावली. चेंबूर, घाटकोपर, मुलुंडच्या जुन्या चाळी आता पाडल्या जात आहेत आणि माळ्यावरच्या ट्रंका रद्दीवाल्याकडे चालल्या आहेत. आपल्या घरच्या ट्रंकेत अशी चोपडी, पोस्टर किंवा स्टुडिओत काम केलेल्या आजोबांचा फोटो सापडला तर त्याला सेलोटेप लावू नका, लॅमिनेशनही करू नका. कोरड्या कागदात सपाट ठेवा, फोटोच्या मागे पेन्सिलीने नावं लिहा, आणि पुण्याच्या लॉ कॉलेज रस्त्यावरच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाला कळवा.